शहर, जसं आहे तसं

३ मार्च, सकाळी ६
आजपासून फिल्म. कथा नाही, नट नाहीत. सामान्य माणसाचं रोजचं जगणं, बस्स. ऑफिसात रजा टाकली. कॅमेरा मेहुण्याचा, बायकोच्या भावाचा. तो लग्नांचं शूटिंग करतो. बटणं समजावायला लागला, मी थांबवलं. कलावंताला बटणं शिकवू नयेत. वीसला वाचनालयाच्या हॉलमध्ये शो. अख्ख्या ऑफिसला आमंत्रण दिलंय.

४ मार्च
बसस्टॉप. एकाने किल्लीने कान कोरला आणि तीच किल्ली दातात धरली. शूट केलं. सामान्य माणूस लांबूनच बरा.

७ मार्च
मासळीबाजार. नाकाला रुमाल. लेन्सवर ऊन येऊ नये म्हणून बायको छत्री धरून उभी होती, चार तास. मध्येच विचारते, तुम्ही शूटिंग थांबवल्यावर कॅमेऱ्याचा लाल दिवा कसा लागतो. म्हटलं, नसत्या गोष्टीत नाक खुपसू नकोस.

१२ मार्च, सकाळी
संकल्प : आजपासून कोणावरही चिडायचं नाही.

१२ मार्च, दुपारी
कँटीनच्या वेटरवर चिडलो. ज्या फडक्याने टेबल पुसलं त्यानेच त्याने घाम पुसला. यात माझा काय दोष?

१८ मार्च
शूटिंग संपलं, सुटलो. फुटेज अजून पाहिलेलं नाही. सारखं झाकण काढून बघणाऱ्याचा भात शिजत नाही.

१९ मार्च
मेहुणा एडिटिंगला बसला. त्याच्या कॅमेऱ्याचं सेटिंग असं की चालू केला की आपोआप रेकॉर्डिंग सुरू. लग्नात घाई असते म्हणे. म्हणजे बटण दाबून मी ते बंद करत होतो, आणि थांबताना सुरू. हे आधी सांगायला नको?
अकरा तास माझे बूट, फूटपाथ, गटार. वर माझा आवाज. शी. सरका. घाण माणसं. छत्री नीट धर. अक्कल गहाण टाकलीस का. मेहुणा आधी हसला. मग मागे बहीण बसलीये हे आठवून त्याने आवाज बारीक केला. तिने पुन्हा मोठा करायला लावला.
शेवटपर्यंत पाहिलं तिने. उठताना म्हणाली, शहर कुठे दिसलं नाही, पण रोजचं जगणं हुबेहूब आलंय.

२० मार्च, संध्याकाळी ६
ताप आल्याचं कळवलं. शो रद्द होईल. पुढच्या वर्षी जास्त मोठी फिल्म करीन, एकट्याने.

६.२०
हेडक्लार्कचा फोन. तब्येतीची काळजी करू नका म्हणाले. वहिनी वेळेवर पोचल्या, फिल्मही त्यांनीच आणली, आता दिवे मालवतोय.
दाराला छत्री टांगलेली आहे. बायको ती न घेताच गेली.