रंगूबाईंच्या डोळ्यांतलं पाणी

२० मार्च, सकाळी ७
संचिताची फाइल आली. आंबिवलीच्या रंगूबाई आणि त्यांचा मसाला कुटायचा डंख, बावन्न मिनिटांची डॉक्युमेंटरी. दिग्दर्शन तिचं, संगीत माझं. पंधरा एप्रिलपर्यंत फेस्टिव्हलला पाठवायची. अकरा वर्षांत पडद्यावर माझं नाव दोनदा आलं, त्यात एकदा चुकीचं. आता मात्र वेळ आलीय. संकल्प: रोज पाचला उठणे. उद्यापासून.

२३ मार्च
फिल्म आवाज बंद करून पाहिली. मी तशीच पाहतो, बोलणं कानात गेलं की सूर सुचत नाही. मैथिली म्हणाली, एकदा आवाज लावून तर बघ. बायको संगीत विशारद आहे, पण सिनेमाचं वेगळं असतं.
एकतिसाव्या मिनिटाला रंगूबाई डंखाशेजारी बसून रडतात. पदराने डोळे पुसतात, परत रडतात. चाळीस वर्षांचं दुःख. मीही रडलो. इथे सारंगी, सलग सात मिनिटं.

२९ मार्च
वागळे इस्टेटजवळच्या एका शाळेला जूनपासून संगीत शिक्षक हवाय. मैथिलीने माझं नाव सुचवलेलं. परवापर्यंत कळवायचंय. ही फिल्म फसली तर नोकरी धरीन, असा शब्द मी तिला दिलाय. पण फसणारच नाही, तर शाळेला ताटकळत कशाला ठेवायचं? तिलाच सांगितलं, नाही म्हणून कळव. ती फोन घेऊन गॅलरीत गेली. पटलं असावं.

६ एप्रिल
पाचचा गजर वाजला. साडेसातला उठलो. टायटलचं संगीत पाठवलं. संचिता म्हणाली, दादा, जरा कमी करा ना. कमी म्हणजे खोल. व्हायोलिनं वाढवली. नऊ दिवस उरले.

१२ एप्रिल
आंबिवलीला गेलेलो. संचिताने रंगूबाईंना त्यांच्या ओटीवर फिल्म दाखवली, माझ्या संगीतासकट. एकतिसाव्या मिनिटाला सारंगी सुरू झाली. रंगूबाईंनी घाबरून विचारलं, कोण गेलं?
कोणी नाही. शूटिंगच्या वेळी त्यांच्या डोळ्यांत मिरची गेलेली. आणि डोळे पुसत त्या, पहिल्यांदा डंख सुरू केला तेव्हा नवरा शिंकत शिंकत रस्त्यापर्यंत कसा पळाला, ती गंमत सांगत होत्या. मला म्हणाल्या, तू ऐकलंच नाहीस का रे? मी म्हटलं, फार खोलात ऐकलं.

१३ एप्रिल
चूक संचिताची. फाइलसोबत मिरचीचा उल्लेख हवा होता. आता तिथे हलकंफुलकं काहीतरी. रात्रंदिवस एक करीन.

१४ एप्रिल
काही सुचत नाही. संचिताचे सहा मिस्ड कॉल.

१५ एप्रिल, संध्याकाळी ६
फिल्म गेली. संगीताशिवाय. संचिता म्हणाली, डंखाचा आवाज आणि त्यांचं बोलणं पुरेसं आहे, दादा, वाईट वाटून घेऊ नका. घेतलं. फार वाईट वाटलं.
मैथिलीला म्हटलं, शाळेला परत विचारून बघ. ती म्हणाली, जागा भरली. कोण मिळालं, विचारलं. म्हणाली, मी. तू नाही म्हणालास, त्याच दिवशी स्वतःसाठी विचारलं.

१६ जून
मैथिलीचा शाळेचा पहिला दिवस. डबा मी करून दिला. दारात चपला घालताना म्हणाली, आता घर मोकळं आहे, निवांत संगीत कर, तुला कोणी डिस्टर्ब करणार नाही.
सकाळी अकरापासून कीबोर्डसमोर बसलोय. आता चार वाजलेत. खरंच, कोणीही डिस्टर्ब केलेलं नाही.