अपत्ये : दोन

गंगापूर रोड, नाशिक
९ सप्टेंबर २०२४

ती. आप्पांस,

नमस्कार. फोनवर विषय काढला की तुम्हाला नेमका दारात दूधवाला दिसतो, म्हणून पत्र. गुडघ्याचं तेल कुंदनदादाबरोबर पाठवलंय. रोज लावा, कपाटात नेऊन ठेवू नका.

माझं पुस्तक अडलंय. कुटुंबनियोजनाचे कॅम्प, माणसांची शरीरं आणि सरकारचा धाक. अकरा वर्षं घातली त्यात. प्रस्तावनेत ठणकावून लिहिलंय, की फॉर्म भरला की माणसाची 'केस' होते. आता शेवटच्या प्रकरणाला बसले की डोकं फिरतं.

जूनमध्ये देवळ्याकडच्या एका जुन्या दवाखान्यातली १९७६च्या कागदांची गाठोडी सोडली. नसबंदीच्या एका फॉर्मवर नाव पुंजा, वय बावीस. 'केस आणणारा' या रकान्यात तुमची सही. सही नसती तरी तो लांब शेपटीचा 'ल' मी ओळखला असता. तसा काढता आला नाही म्हणून लहानपणी मार खाल्लाय.

पुंजाकाकांचं लग्न तेव्हा व्हायचं होतं, आप्पा.

तीन केसेस आणा, नाहीतर पगार बंद, हे मला माहीत आहे. कितीतरी मास्तरांची बाजू मी तशीच मांडली. तुमची मांडता येत नाही, याचाच संताप येतो.

काका मरेपर्यंत कौतुकानं सांगायचे, "दादानं माझा हर्निया फुकटात काढून आणला." आणि शकुकाकू? बारशाला पाळण्याला हात लावू दिला नाही तिला कोणी. परवा म्हणाली, "माझ्यातच खोट व्हती बाई, पन ह्यांनी कधी टोचून नाय बोललं." मी खाली मान घालून चहा प्यायले. मीही तुमच्यासारखीच निघाले.

फॉर्मला दोन अपत्यं लागायची, नावानिशी. तुम्ही लिहिलीत. ती वाचून मी फाईल मिटली, तीन महिने कुणाला दाखवली नाही. तेव्हा कुंदनदादासुद्धा जन्मला नव्हता, मी तर नाहीच.

छापायचं की नाही ते मी बघेन. पण काकूला तुम्ही सांगायचं, तुमच्या तोंडानं. दिवाळीपर्यंत थांबते. नाहीतर तो फॉर्म मीच तिला वाचून दाखवीन, अपत्यांच्या रकान्यासकट.

तुमची,
आणि तुमच्याच अक्षरात पुंजाकाकांची,
अपत्य क्रमांक दोन,
दिशा