सेव्ह करायचं राहिलं

१० नोव्हेंबर, सोमवार
लागली एकदाची नोकरी! वल्लरी याच ऑफिसात चौथ्या मजल्यावर बसते, त्यामुळे लग्नानंतर सहा महिन्यांनी नवरा-बायकोचा डबा एक झाला. वडाळ्याहून प्रभादेवीला येणंही सोबतच. काम सोपं आहे. चार मजल्यांवर चार नेटवर्क स्विच, सगळे कॉम्प्युटर त्यांनाच जोडलेले; त्यांत नवं फर्मवेअर, म्हणजे स्विचच्या आतलं सॉफ्टवेअर, घालायचं. साहेब नॉर्मन डिसिल्वा भला माणूस, पण पासवर्ड कपाटाच्या दारावर चिकटवून ठेवलाय! मी चारही स्विचच्या वापरणाऱ्यांच्या यादीत माझं नाव घातलं आणि रीस्टार्टची वेळ लावून टाकली, दुपारी एक. तीन स्विच उद्या, चौथ्या मजल्याचा गुरुवारी. पहिल्या मजल्यावरच्या गंगाधरकाकांनी खरवस खाऊ घातला. माणसं गोड आहेत.

११ नोव्हेंबर, मंगळवार
तिन्ही स्विच बिनबोभाट अपग्रेड झाले. घोटाळा एकच, आणि तो माझाच. नाव घातलं, पण सेव्ह करायचं राहिलं. सेव्ह केलं की त्या क्षणी जे असेल ते कायमचं. नाही केलं तर रीस्टार्टला पुसलं जातं. शेंबडं पोरही सांगेल हे. उद्या परत घालू.
दुपारी गंगाधरकाकांनी विचारलं, कोणाकडे काम आहे तुमचं? थट्टेखोर दिसतात. मी हसलो.

१२ नोव्हेंबर, बुधवार
थट्टा नव्हती. खालच्या तीन मजल्यांवर मला कोणीच ओळखत नाही. डिसिल्वासाहेबांनी अदबीनं विचारलं, आपण कोण? मग वॉचमनला बोलावलं. त्यानं मला फुटपाथवर आणून सोडलं.
वल्लरी ओळखते. घरी सगळं ऐकून हसली, वेडा आहेस म्हणाली. तिच्या मजल्याचा स्विच अजून रीस्टार्ट झालेला नाही. तो उद्या एकला— भीती वाटतेय मला.

१३ नोव्हेंबर, गुरुवार
समोरच्या चहावाल्यापाशी उभा आहे. सकाळपासून वल्लरीची मीटिंग. पावणेएकला फोन उचलला एकदाचा. माझं नाव सेव्ह करायला कुरकुरत गेली स्विचपाशी. टायपिंग सावकाश, फार सावकाश. मध्येच स्क्रीन काळी झाली म्हणाली. थोड्या वेळानं स्क्रीन परत आली. सेव्ह करायचं का, असं विचारतोय म्हणाली. मी ओरडलो, हो दाब!

दाबलं तिनं. जीवात जीव आला.

मग तिनं विचारलं, तुम्ही स्विचच्या कंपनीतून बोलताय ना?

एक वाजून सात मिनिटं. काळी झाली तेव्हाच तो रीस्टार्ट— म्हणजे माझं नाव आधीच पुसलेलं— आणि तेच आम्ही कायमचं—

संध्याकाळी सातला ती घरी येईल. दार मी उघडेन, आणि ती—