पहिल्या तारखेला बोलायचं नसतं

२ जून, सकाळी
दवाखान्याच्या व्हॉट्सॲप ग्रुपमधून मला कुणीतरी काढलं. नेटवर्कचा घोळ असणार. निलंग्यात नेटवर्कचा काय भरवसा.

२ जून, संध्याकाळी
घोळ नव्हता. साप चावलेल्या पेशंटला इंजेक्शन असूनही दिलं नाही, अशी त्याच्या गावच्या उपसरपंचाची तक्रार. पुढील आदेशापर्यंत कंत्राटी औषध निर्मात्यानं, म्हणजे मी, कामावर येऊ नये. मला एका शब्दानं विचारलं नाही. आठ वर्षं त्या खिडकीत बसून गोळ्या दिल्या. पेशंट लातूरला नेल्यावर वाचला, तेवढं बरं झालं.
संकल्प: लढायचं. शांतपणे, कायद्यानं. निकाल लागेपर्यंत चहा बंद.

३ जून
चहा घेतला. मेहुणा आदर्श नांदेडला एलएलबी करतो, त्याचा फोन. म्हणाला, दाजी, कंत्राटी असला म्हणून काय झालं, डाग लावून काढून राहिले तर आधी म्हणणं ऐकावं लागतं. नॅचरल जस्टिस. शब्द फार आवडला. दुपारीच लातूरच्या जिल्हा ऑफिसला अर्ज टाकला.

८ जून
सुनावणी मिळाली. बारा तारीख, लातूर. ऑफिसला घाम फुटलेला दिसतो. भाषण लिहायला घेतलं, सुरुवात थेट संविधानापासून. पंचशीला म्हणाली, एवढं लांबण कशाला लावता, इंजेक्शनचा फ्रीज रिकामा होता आन गुणाबाई सिस्टरनं बघितला, एवढं बोला आन या. बायको हुशार आहे, पण तिला प्रोसिजर कळत नाही.

१२ जून, लातूर
गुणाबाई सिस्टर रजा टाकून साक्षीला आल्या. सुनावणी घेणारे साहेब म्हणाले, बोला आनंदराज. भाषण अजून कलम चौदापाशीच होतं. अर्धवट भाषण करणं मला शोभत नाही. उभा राहिलो आणि पुढची तारीख मागितली. मोठे वकील पहिल्या तारखेला बोलत नसतात. बोलणारा माणूस घाबरलेला दिसतो. साहेब एकदम खूश. लगेच चार जुलै दिली, वर चहा मागवला. डिग्निटीचा परिणाम.
परतताना एसटीत सिस्टर एवढंच म्हणाल्या, सर, म्या लेकरू तापात टाकून आले होते. मला जरा कसंतरी झालं. पण रस्त्याकडेला पाटी दिसली: अति घाई संकटात नेई. बरोबरच आहे.

१९ जून, दुपारी
पंचशीलाला भाषण ऐकवलं. कलम एकवीसपाशी तिला झोप लागली. विषय खोल असल्याची खूण.

३० जून
आज सगळ्यांचं कंत्राट संपतं. दरवर्षीची रीत आहे: आज संपलं, उद्या एक दिवस ब्रेक, परवा नवा आदेश. ब्रेकच्या दिवशी आपण सरकारचे कुणीच नसतो. मी त्या दिवशी केस कापून घेतो.
पंचशीलानं विचारलं, तुमचा आदेश येईल न्हवं? म्हटलं, प्रकरण सुनावणीत आहे, माझ्या जागेला हात लावायची कुणाची टाप आहे?

२ जुलै
सगळ्यांचे आदेश आले. माझा कुठंतरी सहीसाठी अडकला असणार. सिस्टरला फोन केला, परवा येता ना? म्हणाल्या, सर, आजच आदेश हातात पडलाय, मला न्हाई जमायचं, राग मानू नका. राग आला नाही. वाईट वाटलं. असो. सत्याला साक्षीदार लागत नाही.

४ जुलै, लातूर
उभा राहिलो. माननीय महोदय, एवढं म्हणून झालं आणि साहेबांनी हात वर केला. म्हणाले, तुमचं कंत्राट तीस जूनला संपलं. तुम्ही आता कर्मचारी नाही, मग सुनावणी कुणाची घ्यायची? म्हटलं, पण मला काढलं साहेब. म्हणाले, कुणी काढलं? मुदत संपली. मी विचारलं, आणि ती तक्रार? ती राहील फाईलला, म्हणाले. दुसरीकडे अर्ज केला तर विचारतील. बारा तारखेला बोलला असता तर तुमचं म्हणणंही फाईलला आलं असतं. तारीख तुम्हीच मागितली.
आवाज अगदी सौम्य होता. चहा मागवला नाही.

४ जुलै, घरी
पंचशीला अंबाडी निवडत बसली होती. विचारलं, बोललात का? म्हटलं, नाही. म्हणाली, बरं, मला सांगा मग.
भाषणाचे कागद काढले. वाचवेना. ठेवून दिले. म्हटलं, फ्रीज रिकामा होता. मी दोनदा इंजेक्शनं मागवली होती, वरून आली नाहीत. सिस्टरनं बघितलं होतं.
संपलं. एवढंच होतं.
ती म्हणाली, हाव, मला ठाऊक हाय. आणि अर्धी जुडी माझ्याकडे सरकवली. मी निवडायला घेतली.