मालिकेत न बसलेला अंतरा

मी, खाली सही करणारा, वय एकाहत्तर, धंदा चित्रपट आणि मालिकांना संगीत देणे, आज पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाशिवाय माझ्यामागची व्यवस्था लिहून ठेवत आहे. दडपण आणायला निर्माते असायचे. त्यांनी येणे सोडून बरीच वर्षे झाली. शुद्धीबद्दल डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे.

१. राहते घर आणि बँकेत उरेल ते माझ्या एकुलत्या एका मुलीला. आवाज अडवायला मधल्या खोलीच्या भिंतींवर ठोकलेल्या गाद्या तिने खुशाल उपटून टाकाव्यात. तिची आई त्यांना जन्मभर धुळीचे आगर म्हणत आली, आणि ते खरेच होते.

२. पेटी माझ्या तबलजीला. साक्षीदाराला वाटा मिळत नाही हे कळताच त्याने सही करायला साफ नकार दिला आणि पेटीकडे बोट दाखवले.

३. ज्याला आम्ही 'अजून थोडं' म्हणत असू, त्या दिग्दर्शकाला काहीही नाही. त्याच्या मालिकेत कोणी मेले की व्हायोलिन अजून थोडं, कोणी रुसले की अजून थोडं, सासूने नुसते दार उघडले तरी अजून थोडं. माझ्या शोकसभेत त्याला बोलू देऊ नये. तो आवरणार नाही.

४. आता ज्यासाठी हे लिहायला बसलो ते. मुलगी तान्ही असताना तिला झोपवायला मी एक चाल बांधली होती. शब्द नव्हते, नुसते गुणगुणणे; ती शाळेत जाऊ लागेपर्यंत रोज रात्री तेच. पुढे त्याच मालिकेच्या शीर्षकासाठी आयत्या वेळी चाल मागितली, तेव्हा हाताशी होती ती दिली. करार झाला, चाल मालिका काढणाऱ्या कंपनीची झाली. अंतरा वेळेत बसेना म्हणून कापला. मुखडा मात्र वर्षानुवर्षे रोज संध्याकाळी शेजारच्या घरांतून ऐकू येत राहिला.

मागे मुलीने तीच चाल म्हणत आपल्या बाळाला झोपवतानाचा व्हिडिओ इंटरनेटवर टाकला. मी एकदाच ऐकला. तिने अंतराही म्हटला होता. संध्याकाळच्या आत कंपनीने तो काढायला लावला. मुलीचा फोन आला. "बाबा, ते म्हणतात हे गाणं आपलं नाही. मग कोणाचं आहे?"

अडला हरी म्हणून कंपनीला फोन लावला. तिथल्या बाईंनी माझे नाव दोनदा विचारले, "आमच्या आईला ती मालिका फार आवडायची" म्हणाल्या, आणि फोन ठेवला.

ही चाल मुलीच्या नावे लिहा, असे वकिलांना सांगितले. ते म्हणाले, "जे तुमचं नाही, ते तुम्ही देणार कसं?" मग निदान अंतरा तरी, तो मालिकेसाठी कधी ध्वनिमुद्रित झालाच नाही. म्हणाले, म्हणून दाखवा. मी पेटी ओढली. मुखडा आला, आणि पुढे मालिकेतले व्हायोलिनच आले. पुन्हा म्हटले, पुन्हा तेच. मला माझा अंतरा आठवत नाही.

५. तो आता फक्त मुलीकडे आहे. त्या दिवसापासून तिने गाणे सोडले. म्हण म्हटले की "आता नाही म्हणवत, बाबा" म्हणते. तिने तो बाळाला म्हणावा, फोन दुसऱ्या खोलीत ठेवून. आणि एकदा मला. मृत्युपत्रातली कलमे माणूस गेल्यावरच लागू होतात, हे खोडा, असे वकील म्हणाले. मी खोडलेले नाही. मृत्युपत्र बंद पाकिटात ठेवायचे असते, हेही त्यांनी सांगितले. याची एक प्रत मी आजच मुलीला पाठवत आहे.

सही : संगीतकार
साक्षीदार : १. खालच्या मजल्यावरचे डॉक्टर २. औषधांच्या दुकानाचे मालक
ठिकाण : राहते घर, मधली खोली
दिनांक : ९ ऑगस्ट