तहासाठी सोनल नाही

आबा,

राग गिळून नमस्कार करते. इथे एडिंबरात मी बरी आहे. तुमचा गुडघा कसा आहे?

काल आपली धाकटी सोनल फोनवर रडत होती. चाकणच्या जमिनीचं भांडण मिटावं म्हणून तिला बबनरावांच्या घरात देताय? "सोयरीक झाली की वैर संपतं," असं म्हणालात म्हणे!

इथे मी तोच इतिहास शिकतेय. सातशे वर्षांपूर्वी इंग्लंडची सात वर्षांची राजकन्या जोन तहासाठी स्कॉटलंडच्या चार वर्षांच्या राजपुत्राला दिली. थोड्याच वर्षांत पुन्हा लढाई पेटली. तह मोडला, पोर मात्र सासरी अडकली.

आईला तरी विचारलंत का? जमिनीसाठी कोर्टात जा.

"नाही म्हण," असं सोनलला मीच सांगितलंय. तिच्यावर हात उगारू नका. रागवायचं ते माझ्यावर रागवा.

तुमचीच हट्टी,
तनुजा