आईच्या नावाचा उंचवटा

प्रिय लायमन,

नाताळच्या कार्डाखेरीज आपण एकमेकांना काही लिहीत नाही, आणि आत्ता तर सप्टेंबर आहे. पाकिटावर माझं अक्षर पाहून तुला वाटलं असेल, काहीतरी वाईट झालं. घाबरू नकोस, मी ठणठणीत आहे. गुडघे तेवढे कुरकुरतात, पण सत्तरीत ते व्हायचंच.

इथे धरण खरंच होतंय. नदीच्या खालच्या अंगाला भिंत उभी राहिली आणि येत्या वसंतात जुनं गाव, शाळा, आपलं शेत, सगळं पाण्याखाली जाणार. त्याआधी हॅलोवे काउंटीत पहिल्यांदा वस्तीला आलेल्या घराण्यांचा इतिहास लिहून काढायचं ठरलं, आणि ते काम माझ्या गळ्यात पडलं. निवृत्त मास्तरणीला दुसरा उद्योग काय, असं सगळ्यांना वाटतं. मी घरोघर फिरते. कोण कुठून गाडी जुंपून आलं, मातीच्या ढेपांचं पहिलं घर कुणी बांधलं, हिमवादळात कुणाचं काय गेलं, हे सगळं विचारते. आपलं घराणं मोठं करून सांगायची लोकांना भारी हौस. डंकलींचे तर तीन आजोबा काउंटीत 'पहिले' आलेले. आपलं पान मात्र मी एका सकाळी लिहून मोकळी झाले: वडील एझ्रा पेटिंगिल, ओहायोहून अठराशे शहाऐंशी साली आले. आई रोवेना, अठ्ठ्याऐंशीच्या हिवाळ्यात वारली, शेतातल्या टेकडीवर पुरली.

तू तीन वर्षांचा होतास, तुला आठवणार नाही. मी सहाची होते. आपल्याला थोडे दिवस शेजारच्या व्होंड्राकाकूंकडे ठेवलं होतं. परत आलो तर बाबा चुलीपुढे बसलेले, आणि आईची शाल खुंटीवर नव्हती. "तुमची आई गेली," एवढंच म्हणाले. त्या हिवाळ्यात गावात घटसर्पानं मुलं जात होती, त्यामुळे 'गेली' म्हणजे काय हे मला पक्कं ठाऊक होतं. मी विचारलं, "कुठे पुरलं?" बाबा माझ्याकडे बघत राहिले. मग त्यांनी खिडकीतून टेकडीकडे बोट केलं. पुढे बर्फ वितळल्यावर तिथे मातीचा उंचवटा होता, आणि आपण दोघं त्यावर रानफुलं ठेवायचो.

तू वीस वर्षांचा झालास आणि तिथे लावायला खाणीवरून गाडीत घालून दगड आणलास. तो दिवस माझ्या डोळ्यांपुढून कधीच गेला नाही. बाबा फाटकात आडवे उभे राहिले. "दगड लावायचा नाही. परत घेऊन जा." तू म्हणालास, "कुत्र्याला पुरतानाही माणूस खूण ठेवतो. तुम्हाला तिचं नावसुद्धा जड झालं?" ते फाटकातून हलले नाहीत. तू दगड रस्त्यात ढकलून दिलास आणि तसाच स्टेशनवर गेलास. मी घरी राहिले, पण मनातून तुझ्याच बाजूची होते. बायकोचं नाव न काढणारा माणूस, म्हणून मीही त्यांच्याशी कामापुरतंच बोलायची. आणि तरी त्यांनी दुसरं लग्न केलं नाही. विधवा हार्किनबाई दर रविवारी सफरचंदाचा केक भाजून आणायच्या. गावातले लोक हसून म्हणायचे, "एझ्रा केक ठेवून घेतो आणि बाईला परत पाठवतो." मरताना त्यांनी मला एकच सांगितलं, की मला त्या उंचवट्याशेजारी पुरा.

जुलैत धरणाची माणसं टेकडीवरची थडगी हलवायला आली. बाबांची पेटी मिळाली. आईच्या जागी काही नाही. मुकादम टोपी काढून म्हणाला, "बाई, खाली इथे कधी कुणी खणलेलंच नाही." मी त्याच्यावर खेकसले, "नीट बघा, माझी आई आहे तिथे." बिचाऱ्यानं आजूबाजूलाही खणून पाहिलं. नुसती घट्ट पिवळी माती.

मी तशीच चिखलाच्या बुटांनी व्होंड्राकाकूंकडे गेले. त्या आता चौऱ्याऐंशीच्या आहेत. आलुबुखारातल्या बिया काढत बसल्या होत्या. मी सांगितलं तशी त्यांनी सुरी खाली ठेवली. "मग आता सांगते. तुझी आई मेली नव्हती, पोरी. तिला हा वारा सोसला नाही. दारं लावून कानात कापूस घालून बसायची. एकदा विहिरीच्या काठावर सापडली. मग ओहायोहून तिचा भाऊ आला न्यायला. तुम्हाला बघितलं असतं तर तिचा पाय निघाला नसता, म्हणून तुम्हाला माझ्याकडे ठेवलं. उन्हाळ्यात बरी होऊन येणार होती. आलीच नाही." मी विचारलं, बाबांनी आम्हाला सांगितलं का नाही? काकू म्हणाल्या, "मी त्याला तेव्हाच म्हटलं होतं, सांगून टाक. तो म्हणाला, मेलेल्या आईवर मुलं माया करतात. टाकून गेलेल्या आईवर कशी करतील?" आणि मग, जरा रागानंच, "इथे बसून आमच्या सात पिढ्या विचारून गेलीस. स्वतःच्या आईबद्दल कधी विचारलंस?"

ओहायोतही माझ्यासारखीच घराणी जुळवत बसणारी एक बाई आहे. तिनं चौकशी करून कळवलं. आई भावाच्या घरी राहिली, पुन्हा लग्न केलं नाही. एकोणीसशे सव्वीस साली वारली. लायमन, तू तेव्हा एकेचाळीस वर्षांचा होतास. बाबांच्या मागेही पाच वर्षं ती होती, आणि मी इथे दर मेमध्ये रिकाम्या जमिनीवर फुलं ठेवत होते.

जिवंत बाईच्या नावाचा दगड ते लावणार कसे? आणि का लावत नाही हे तरी तुला कसे सांगणार? तुझ्या मनात आई राहावी म्हणून त्यांनी मुलगा जाऊ दिला. गेले दोन महिने हेच माझ्या मनात घोळतंय. त्यांच्याशी एकदा धड बोलायला हवं होतं. आता कुणाशी बोलू?

म्हणून तुला लिहितेय. तेव्हा बाबा गेल्याची तार केली होती, तू आला नाहीस, आणि मी तुला दोष दिला नाही. आता त्यांना पुन्हा पुरायचंय, पाणी चढणार नाही अशा उंचावरच्या नव्या दफनभूमीत, ऑक्टोबरच्या दुसऱ्या शनिवारी, सकाळी. पेटी उचलायला चौघं लागतात. व्होंड्राकाकूंचे दोन नातू येतो म्हणालेत, पाद्रीबुवा तिसरे. चौथ्या जागेसाठी मी अजून कुणालाच विचारलेलं नाही.

तुझीच,
थर्झा